डोक्यावरचं ढेकूळ

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. ही माझ्या सख्ख्या आजाची गोष्ट आहे, आणि खरी आहे.

साल १९५२. आलापल्लीपलीकडचं आमचं गाव. रात्रबित्र काही नाही, वैशाखातली भर दुपार.

जमीनदारी नुकतीच गेली होती. गावात सरकारी मोजणी आली. पण दादाजी पाटील आणि विधवा बुधरी यांच्या शेतांमधली शीव कुठल्याच कागदावर नव्हती.

मग जुनी रीत. भरवशाच्या माणसाने शिवेवरचं ढेकूळ डोक्यावर घेऊन चालायचं. तो चालेल ती शीव. खोटं चालला तर माती त्याला बघून घेईल, असं म्हणायचे.

माणूस ठरला माझा आजा वारलू. गावचा कोतवाल.

आदल्या दिवशी पाटलाने त्याला गाठलं. "मोहाच्या झाडापलीकडून चाल. त्यातले दोन एकर तुले देतो. नाई तं कोतवाली गेली समज."

आजा चालला. मोहाच्या पलीकडून, बुधरीच्या शेतातून.

ती आडवी आली. "वारलूभाऊ, इथी माह्या नवऱ्याले पुरलं हाय. तुमीच तं खड्डा खंदला. आता त्याच्यावरून जाता?"

"चाल रे, ऊन लागून राह्यलं!" पाटील हसत होता.

आजा त्या मातीवर पाय देऊन पुढे गेला.

पटवाऱ्याने दगड रोवले. पाटलाने त्याच संध्याकाळी, आता त्याच्या हद्दीत आलेली बुधरीची झोपडी मोडली. पावसाळ्यात ती जंगलात उपाशी मेली.

आजाने ढेकूळ तेव्हाच नाल्यात फेकलं होतं...

भार मात्र उतरला नाही.

"उतरव ना वं हे," तो आजीला म्हणायचा. डोक्यावर काहीच नसायचं.

आजी त्याचे केस विंचरायची...

फणीतून माती पडायची. रोज.

मान वाकत गेली. रोज दुपारी तो उठून त्या शेताकडे चालायला लागायचा. एकटाच. पण पावलं दोघांची वाजायची...

एका दुपारी तो तिथेच सापडला. मान मोडलेली. तोंडात माती ठासलेली.

आणि पाटील? नव्वदीपर्यंत मजेत जगला मेला! ढेकूळ त्याच्या डोक्यावर कुठे होतं?

ते दोन एकर आता माझ्या नावावर आहेत. परत द्यावेत म्हटलं, तर बुधरीचं कोणी उरलेलं नाही. खूप शोधलं.

काल झिंगू न्हावी केस कापता कापता थांबला...

"भाऊ, डोक्यात इतकी माती कुठची?"

महिनाभर मी शेताकडे फिरकलेलो नाही. आज सकाळपासून मान वर होत नाही.