जुनं कनेक्शन

मामाला ऑफिसात सगळे नाडीवैद्य म्हणत. बंद पडलेलं नेटवर्क पुढ्यात आलं की तो दोन मिनिटं नुसते दिवे बघायचा, एखादी तार हलवायचा आणि "इथे दुखतंय" म्हणून बोट ठेवायचा. ते बोट सहसा चुकत नसे. हे त्याला स्वतःलाही ठाऊक होतं, खरं तर जरा जास्तच ठाऊक होतं. त्यामुळे दुपारी दीड वाजता भाचीचा फोन आला, "मामा, गेम कनेक्टच होत नाहीये, चारला निवड फेरी आहे, मी मेले!" तेव्हा तो शांतपणे म्हणाला, "मरू नकोस. अडीचला येतो. सव्वातीनला तू आत."

भाचीला घरात भिंगरी म्हणत. एका जागी बसणं तिच्या रक्तातच नव्हतं. बसायची ती फक्त त्या कॉम्प्युटरपुढे, आणि तिथेही पाय हलवत. पाच जणींच्या टीममध्ये शिरण्यासाठी तिने दोन वर्षं घासली होती. आज चारच्या ठोक्याला ती गेममध्ये नसली, तर तिची जागा राखीव मुलीला जाणार होती, कायमची. तिची आई, म्हणजे मामाची ताई, दवाखान्यात ड्युटीवर होती. ती साडेचारला यायची होती.

दार भिंगरीनेच उघडलं. "ये," म्हणाली आणि बाजूला झाली. ना पाठीत धपका, ना "किती उशीर केलास!" पोरीने धास्ती घेतलीय, मामाने मनाशी म्हटलं आणि बूट काढून थेट तिच्या खोलीत गेला.

खिडकीशी टेबल, टेबलावर कॉम्प्युटर, खाली राउटर. राउटरचे सगळे दिवे हिरवे. पडद्यावर एकच ओळ होती : हा खेळाडू आधीच जोडलेला आहे.

"हात्तिच्या, एवढंच?" मामा म्हणाला आणि खुर्चीत बसला. खुर्ची उबदार होती.

"आत्ताच उठलीस का?"

"मी बसलेच नाही," ती म्हणाली. भिंतीला टेकून उभी होती, हात खाली सोडून.

मामाने कामाला हात घातला. आधी राउटर बंद करून पूर्ण मिनिटभर थांबला. लोक दहा सेकंदांत चालू करतात आणि मग नशिबाला बोल लावतात. तार बदलली. घरातले बाकीचे फोन, टीव्ही, सगळं वायफायवरून उतरवलं. फायरवॉल तपासली, गेमच्या फाइली तपासून घेतल्या, पासवर्ड बदलला. लाइन ठणठणीत होती. आणि पडद्यावर तीच ओळ : हा खेळाडू आधीच जोडलेला आहे.

घड्याळात सव्वातीन वाजून गेले होते. मामाने टीमच्या कॅप्टनला भिंगरीच्या फोनवरून फोन लावला आणि स्पीकर चालू केला.

"काका, कसला प्रॉब्लेम?" कॅप्टन म्हणाली. "ती तर पावणेदोनपासून आत आहे. सराव चाललाय आमचा. बडबड करून डोकं उठवलंय तिने."

मामाने भिंगरीकडे पाहिलं. तिने नुसती मान हलवली. नाही.

मनात पाल चुकचुकली, पण मामाने तिला हुसकावून लावलं. कुणीतरी भाचीचं खातं चोरलं होतं, दुसरं काय! त्याने आपल्या मोबाइलवर तिच्या खात्याचं पान उघडलं. दोन कनेक्शनं दिसत होती. जुनं, एक पंचेचाळीसपासून चालू. नवं, दोन अठ्ठावीसपासून ताटकळत. दोन्हींपुढे पत्ता एकच होता : हे घर, हा कॉम्प्युटर.

चोर असा घरात बसून चोरी करत नाही. मामाने क्षणभर विचार केला आणि वाकून नेटची तार उपटली. राउटरचा दिवा विझला. नवं कनेक्शन यादीतून लगेच नाहीसं झालं.

जुनं तसंच राहिलं. त्याच्यापुढचे सेकंद पळत होते. तार मामाच्या हातात लोंबत होती.

"काका," फोनमधून कॅप्टन म्हणाली, आणि तिचा आवाज जरा उतरला होता, "ती म्हणतेय, मामाला सांग, तारेचा काही उपयोग नाही."

"तिला ऐकू येतंय आमचं?"

"येतंय म्हणते. आणि म्हणते... मला काढू नकोस म्हणावं. मी खरी आहे म्हणावं."

खोलीत पंख्याची घरघर तेवढी चालू होती. मामाच्या अंगावर काटा आला, आणि त्याचा त्याला रागही आला. वीस वर्षं ज्याने हजार लाइनी सरळ केल्या, त्याने असल्या आचरट पोरखेळाला भ्यायचं? कुणीतरी माइकमधून आपलं बोलणं ऐकतंय, आवाजाची नक्कल करतंय आणि मजा बघतंय.

"मामा," भिंतीपाशी उभी असलेली भिंगरी हळूच म्हणाली, "काढ ना तिला. चार वाजत आले."

त्याच्या धंद्यात याला एकच नियम होता, आणि तो त्याने किती नवशिक्यांना शिकवला होता : एकाच नावाची दोन कनेक्शनं दिसली की जुनं काढायचं, नवं ठेवायचं. जुनं म्हणजे अडकलेलं, मेलेलं. नव्यापाशी माणूस बसलेला असतो. त्याने तार परत खोचली. नवं कनेक्शन यादीत आलं. तीन वाजून बावन्न मिनिटांनी त्याने जुन्यावर बोट ठेवलं आणि ‘काढा’ दाबलं.

फोनमध्ये काहीतरी किंचाळल्यासारखं झालं आणि थांबलं.

"गेली," कॅप्टन म्हणाली. मग थोड्या वेळाने, "आली परत. भिंगरी? बोल ना गं."

भिंगरी खुर्चीत बसली होती. तिने हेडफोन चढवला, माऊस हातात घेतला. मामाने खिशातून रुमाल काढून कपाळ पुसलं आणि मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटली. सव्वातीन नाही, पण चारच्या आत.

ती खेळली मात्र अशी, की मामा बघतच राहिला. चार पंचवीसला टीम दोन डाव पुढे होती. फोनवर कॅप्टन आनंदाने ओरडत होती, "काका, आज हिचा एकही नेम चुकत नाहीये! फक्त तोंड उघडत नाही." भिंगरीची पाठ ताठ होती. पाय जमिनीवर जोडून ठेवलेले, जराही न हलणारे. मामा कौतुकाने तिच्या चेहऱ्याकडे बघत होता. बराच वेळ झाला, तरी तिच्या पापण्या लवल्या नाहीत.

बेल वाजली.

मामा उठून बाहेरच्या खोलीत गेला आणि त्याने दार उघडलं. ताई होती, दवाखान्याच्या कपड्यांत, धापा टाकत. तिच्या दंडाला घट्ट धरून भिंगरी उभी होती. अनवाणी. रडून डोळे सुजलेले. एक पाय सारखा थरथरत होता.

"काय रे हे?" ताई म्हणाली. "पोर खाली जिन्यात बसली होती, एकटी. मामाने बाहेर काढलं, एवढंच म्हणतेय मघापासून. तू हिला बाहेर काढलंस? आज?"

मामाने तिच्या त्या हलणाऱ्या पायाकडे पाहिलं.

"मी सांगत होते ना," भिंगरी म्हणाली. घसा बसला होता तिचा. "किती सांगत होते."

आतल्या खोलीत कीबोर्डची टकटक चालू होती, न थांबता. ताईने मान वाकडी करून त्याच्या खांद्यावरून आत पाहिलं.

"आत कोण खेळतंय?"

टकटक थांबली.

"आई आली वाटतं," आतून भिंगरीचा आवाज आला, नितळ, आज्ञाधारक. "मामा, दार लावून घे."

त्या दोघी उंबऱ्याबाहेर होत्या. मामा आत होता. त्याच्या पाठीमागे खुर्ची सरकली.