सम्राट वेनची माणसं

अमेरिकेतल्या रेडमंडमध्ये नोव्हेंबर महिन्यात चार वाजताच दिवे लावावे लागतात. त्या दिवशी तर वादळाने वीजच गेली होती. सुलेखा ऑफिसमधून लवकर निघाली ती थेट बाबांना घ्यायला म्युझियममध्ये आली. त्र्यंबकराव रिटायर होऊन नागपूरहून लेकीकडे राहायला आले होते, आणि गावातल्या या छोट्याशा म्युझियममध्ये व्हॉलंटियर म्हणून चांगलेच रमले होते.

"बाबा, चला. रस्त्यावर झाडं पडतायत."

"मॅनेजर ट्रॅफिकमध्ये अडकलाय गं. बेसमेंटमध्ये पाणी शिरतंय म्हणाला. मूर्ती तेवढ्या वरच्या फळीवर ठेवू नि निघू."

टॉर्च घेऊन दोघं खाली उतरले. पाणी घोट्यापर्यंत आलं होतं. लोखंडी रॅकवर मातीच्या मूर्ती ओळीने उभ्या होत्या. हातभर उंचीच्या, शांत चेहऱ्याच्या. एकीलाही हात नव्हते.

"हात लाकडाचे होते, दोन हजार वर्षांत कुजून गेले," बाबा म्हणाले. एकेक मूर्ती उचलताना त्यांचा आवाज आपोआप हळू झाला. "चीनच्या हान घराण्याचा सम्राट वेन. त्याच्या काळातली माणसं ही. काय राजा होता, सुले! गच्ची बांधायची म्हणून खर्च विचारला. दहा घरांची मालमत्ता लागेल म्हटल्यावर बेतच रद्द. स्वतः जाडंभरडं नेसायचा. माझ्या थडग्यात सोनं-चांदी नको, मातीची भांडी ठेवा म्हणाला."

"आणि गुन्हेगारांना शिक्षा? तिथेही असाच दयाळू?"

"त्याआधी गुन्हेगाराचं नाक कापायचे, पाय तोडायचे. एका वैद्यावर अशीच पाळी आली. त्याची धाकटी मुलगी राजधानीपर्यंत मागोमाग गेली. मला दासी करून ठेवा, पण बाबांना सोडा, अशी विनवणी केली तिने. राजाने ती ऐकली, आणि ती शिक्षाच कायद्यातून काढून टाकली. एका पोरीचं ऐकून! कोण ऐकतं एवढं?"

तेवढ्यात वर काहीतरी प्रचंड कोसळलं. भिंत हादरली. पलीकडचा रिकामा रॅक कलला आणि बाबांच्या पायावर आला. टॉर्च पाण्यात पडून विझला.

"बाबा!"

"पाय... पाय अडकलाय, सुले..."

तिने दोन्ही हातांनी रॅक ढकलला. तो तसूभरही हलेना. फोनला रेंज नव्हती. बाबा खाली बसले होते, आणि पाणी भराभर वाढत त्यांच्या छातीपर्यंत चढलं होतं. हळूहळू त्यांची शुद्ध हरपली. मदत आणायला वर जावं, तर परत येईपर्यंत...

आपण काय करतोय हे कळायच्या आत ती अंधारात हात जोडून म्हणाली, "मला ठेवून घ्या. माझ्या बाबांना सोडा."

पाण्याचा आवाज थांबला. कुंभाराच्या आव्याजवळ येतो तसा भाजल्या मातीचा कोरडा वास दाटला. तिने पुन्हा रॅकला हात घातला, आणि तिच्या हातांशेजारी दुसरे हात टेकले. लहान, थंड, लाकडासारखे टणक. मग आणखी. मग कितीतरी. रॅक उचलला गेला, अगदी अलगद, झोपलेल्या माणसावरून पांघरूण काढावं तसा.

तिने बाबांना काखेत धरून जिन्यापर्यंत ओढलं. मागे वळून पाहायचं धैर्य तिला झालं नाही. भीती होतीच, पण पायरीवर तिने कपाळ टेकवलं ते भीतीने नव्हे.

हॉस्पिटलमध्ये बाबा शुद्धीवर आले. पाय सुजला होता, पण ते बोटं हलवत होते. थोड्या वेळाने डॉक्टरीणबाई एक्स-रे घेऊन आल्या. त्या जरा गोंधळल्या होत्या.

"आज फ्रॅक्चर काही झालेलं नाही," त्या म्हणाल्या. "पण हा पाय पूर्वी कधी तोडावा लागला होता?"

"तोडावा? नाही हो, कधीच नाही," सुलेखा म्हणाली.

डॉक्टरांनी फिल्म उजेडात धरली. घोट्याच्या वर हाडाभोवती पूर्ण गोल रेघ होती. सुरीने कापल्यासारखी सरळ, आणि तितक्याच सुबकपणे सांधलेली.

"हे फार जुनं आहे," त्या म्हणाल्या. "आणि इतकं सुरेख काम मी कधी पाहिलेलं नाही. कुणी जोडला?"

रद्द झालेली ती पाय तोडायची शिक्षा आणि अंधारातले ते थंड हात सुलेखाला आठवले. तिने बाबांकडे पाहिलं. ते हसले, आणि मान लववून कुणाला तरी नमस्कार केल्यासारखे हात जोडले. बेडच्या त्या बाजूला कुणीच नव्हतं.