खालची दालनं

पोखर्णीच्या सुलाबाईंनी साठीला येईपर्यंत पाहिलेलं सगळ्यात मोठं पाणी म्हणजे येलदरीच्या धरणाचं. त्यामुळं लेकीनं, अर्पितानं, फोन करून "आई, समुद्र बघायला ये" म्हटलं, तेव्हा त्यांनी पहिला प्रश्न तोच विचारला.

"येलदरीपरीस मोठा हाय का?"

अर्पिता कोकणात एका दवाखान्यात नर्स होती. हरभरा निघाला, ज्वारीची रास घरात आली, आणि सुलाबाई लेकीकडं गेल्या. अर्पितानं सुट्टीच्या दिवशी एका छोट्या सहलीत दोन जागा धरून ठेवल्या होत्या. सकाळी निघायचं, डोंगरावरचा जुना राजवाडा बघायचा, कोळ्यांच्या बंदरावर जेवायचं, दुपारी समुद्रातला जलमहाल बघून संध्याकाळी परत. गाडीत जेमतेम आठ-दहा माणसं. सोबत माहिती सांगणारी बाई होती, मंजुषा नावाची. पस्तिशीची, सावळी, आणि बोलणं असं की ऐकत राहावं. तिला प्रत्येक झाडाचं, प्रत्येक खाडीचं काहीतरी ठाऊक होतं आणि ते सांगताना तिचाच चेहरा उजळायचा. सुलाबाईंना ती पहिल्या घटकेपासून आवडली.

मंजुषानं सगळ्यांना गळ्यात अडकवायची एकेक डबी दिली आणि कानात घालायचं बोंडूक. ती हळू आवाजात बोलणार आणि सगळ्यांच्या कानात ते ऐकू येणार, अशी सोय. इथं सुलाबाईंची पंचाईत झाली. त्यांचा डावा कान लहानपणीच्या तापात गेलेला. ते बोंडूक चांगल्या उजव्या कानात घातलं तर मंजुषा ऐकू यायची, पण बाकीचं जग बंद व्हायचं. शेजारी उभी असलेली लेक काय बोलते तेही कळेना.

"आई, तू डाव्या कानात नुसतं अडकवून ठेव," अर्पिता म्हणाली. "मी तुला सांगत जाईन."

तसंच ठरलं. डोंगरावरचा राजवाडा त्यांनी लेकीच्या तोंडून ऐकला. आरशासारखी घोटलेली जमीन, पितळी साखळ्यांचा झोपाळा, छतावर रंगवलेले मासे. इतके जिवंत की मान वर करून बघताना आपणच पाण्याच्या तळाशी उभं असल्यासारखं वाटावं. सुलाबाई बघून बघून दमल्या नाहीत. माणसाच्या हातानं हे केलं, या एकाच गोष्टीचं त्यांना राहून राहून नवल वाटत होतं.

आणि मग घाट उतरताना समुद्र दिसला. सुलाबाईंनी गाडीच्या काचेला कपाळ टेकलं. म्हणाल्या, "याला पल्याडचा काठच न्हाई की गं."

दुपारी ओहोटी होती. किनाऱ्यापासून जलमहालापर्यंत काळ्या दगडाची वाट उघडी पडली होती. महाल फार मोठा नव्हता, पण पाण्यातून उगवल्यासारखा दिसायचा. आत पाऊल ठेवलं की बाहेरचं ऊन तोडून टाकल्यासारखं मागं राहायचं. सागवानाचा, खाऱ्या ओलीचा आणि कुणीतरी कोनाड्यात ठेवलेल्या सुरंगीच्या फुलांचा वास एकत्र येत होता. पायांखाली, जमिनीच्याही खाली, कुठंतरी पाणी घुमत होतं.

"महालाला खाली आणखी एक मजला आहे," मंजुषा सांगत होती आणि अर्पिता ते आईच्या उजव्या कानाशी पुन्हा म्हणत होती. "उन्हाळ्यात गारव्याला बांधलेली दालनं. पुढे समुद्र आत शिरला. दारं बंद केली. खाली किती दालनं आहेत, ते आता कुणालाच सांगता येत नाही."

दिवाणखान्यात सगळे झुंबर बघत उभे होते. अर्पिता फोटो काढायला दोन पावलं पुढं गेली. आणि सुलाबाईंना ऐकू आलं,

"ते नका पाहू बाई. ते तं काहीच नाही. इकडं या, मी दाखवतो तुमाले."

त्यांनी वळून पाहिलं. मागं कुणी नव्हतं. बोली वऱ्हाडी होती. वाशिमकडं दिलेली त्यांची मावशी अशीच बोलायची, बाई असून "दाखवतो" म्हणायची. मंजुषा अशी बोलत नव्हती. मग त्यांच्या ध्यानात आलं. आवाज डाव्या कानात होता.

त्यांनी उजवा कान तळव्यानं घट्ट दाबला. मंजुषा गेली, पायांचे आवाज गेले. डाव्या कानातली बाई मात्र अगदी जवळ होती, तिचा श्वाससुद्धा ऐकू येत होता.

"खिडकीच्या चौकटीले हात लावा. कशी गुळगुळीत हाये, पाहा. राणी रोज तिथं कोपर टेकून बसे."

सुलाबाईंनी हात लावला. दगडाला कोपराएवढी खोलगट जागा होती.

भीती वाटायला हवी होती, असं त्या नंतर म्हणायच्या. पण ज्या कानात पन्नासेक वर्षं काहीच आलं नव्हतं, त्यात माणसाचा आवाज आला होता. पाऊस एका बाजूनं ऐकलेला, लग्नातली मंगलाष्टकं एका बाजूनं, लेकीचं पहिलं रडणंसुद्धा एकाच बाजूनं. आता जग दोन्हीकडून आलं, आणि त्या जगात ती बाई इतकं सुंदर सांगत होती. भिंतीतला शिंपल्यांचा चुना कसा चमकतो ते ती सांगे आणि तो चमके. कोणत्या कमानीखाली कुजबुजलं तर पलीकडच्या कमानीत ऐकू येतं, तेही तिनं सांगितलं. सुलाबाई तिच्या मागं मागं गेल्या. एक दालन, मग सज्जा, मग अरुंद बोळ. बोळात वाकून जावं लागलं, गावातल्या नरसिंहाच्या गाभाऱ्यात जाताना वाकतात तसं.

बोळ संपला तिथं पायऱ्या होत्या. खाली उतरत जाणाऱ्या, आणि पाचसहा पायऱ्यांनंतर हिरव्या पाण्यात शिरणाऱ्या.

"बसा थोडं," बाई म्हणाली. "दमल्या असान."

सुलाबाई पायरीवर बसल्या. पाणी स्वच्छ होतं. उन्हाची एक तिरीप कुठून तरी आत येऊन पायऱ्यांवर खोलवर गेली होती.

"तुमच्या गावाकडचं सांगा नं. मले लय दिवसांत कोणी काई सांगतलं नाही."

आणि सुलाबाई बोलू लागल्या. मोठ्यानं, एकट्या. काळ्या रानाचं सांगितलं, पहाटे ज्वारीच्या कणसांवर पडणाऱ्या दवाचं, नरसिंहाच्या देवळाचं, नवरा गेल्यावर एकटीनं केलेल्या शेतीचं, अर्पिताचं. "लय चांगलं गाव हाय आमचं," त्या म्हणाल्या. "पाणी तेवढं न्हाई."

"लय चांगलं गाव हाय," बाई हळूच म्हणाली. "पाणी तेवढं न्हाई..."

सुलाबाईंना हसू आलं. आपलं बोलणं कुणी असं जिवापाड ऐकतं, घोळवतं, हे त्यांना नवीन होतं. त्या आणखी बोलल्या. बाई शेवटचे शब्द पुन्हा म्हणत राहिली. लेकरू नवं बोलायला शिकताना म्हणतं तसं.

"खाली चला," मग ती म्हणाली. "वर काय बघितलं तुमी? खाली ह्याच्याहून लय सुंदर हाय."

सुलाबाई उठल्या. दोन पायऱ्या उतरल्या. पाणी घोट्याला लागलं. ते गार नव्हतं, नुकत्या काढलेल्या दुधासारखं कोमट होतं. आणखी एक पायरी. लुगड्याचा काठ वर तरंगायला लागला.

तेव्हा त्यांना जाणवलं. बाई मघाशी "हाये" म्हणत होती, "पाहा" म्हणत होती. आता "हाय" म्हणते, "बघितलं" म्हणते. आणि आवाजातला तो वऱ्हाडी हेलही गेला होता. जो आवाज कानात होता तो कुठंतरी ओळखीचा होता, पण कुणाचा ते आठवेना. आपला आवाज आपल्याला कुठं ओळखू येतो?

"बाई..." त्यांनी विचारलं. "तुमी बोलायलात कुठून?"

 बाहेर समुद्र आपटत होता, पण समोरच्या पाण्यावर एक तरंग नव्हता.

"हितूनच की," आवाज आला. "तुमच्या दोन पायऱ्या खालून."

सुलाबाईंनी खाली पाहिलं. उन्हाची तिरीप, शेवाळ धरलेली पायरी, त्याखाली आणखी एक. कुणी नव्हतं. फक्त त्या खालच्या पायरीवरचं शेवाळ दोन ठिकाणी दबलेलं होतं, पावलाएवढं.

पाणी गुडघ्यापर्यंत आलं होतं, आणि त्या तर पायरी उतरल्या नव्हत्या. भरती लागली होती.

सुलाबाई नंतर हे सांगताना नेहमी इथं थांबायच्या. माणसं म्हणत, मग पळाला असाल. त्या मान हलवायच्या. पळावंसं वाटत नव्हतं. कानातून ते बोंडूक काढलं की तो कान पुन्हा मेला, हे त्यांना पक्कं माहीत होतं. एवढं सुंदर सांगणारं, एवढं मन लावून ऐकणारं माणूस पुन्हा भेटणार नव्हतं. हात कानापर्यंत गेला आणि तिथंच राहिला.

"काढू नका," आवाज म्हणाला. अगदी हळू, विनवणीचा. "म्या पण काढलं न्हवतं..."

त्या एका वाक्यानं त्यांना सोडवलं. त्यांनी बोंडूक उपसून काढलं. डावीकडचं जग कवाड लावल्यासारखं बंद झालं. आणि उजवीकडून, बोळाच्या पार तिकडच्या टोकाकडून, अर्पिताची हाक आली. ती किती वेळ हाका मारत होती कोण जाणे. घसा बसला होता तिचा.

बोळातून वाकून वर आल्या तेव्हा लेकीनं त्यांना गच्च धरलं. कमरेपर्यंत लुगडं भिजलेलं. मंजुषा त्यांच्या मागचा बोळ बघत होती.

"मावशी, बोळाच्या दाराला कुलूप असतं," ती म्हणाली. "नेहमी."

"उघडं होतं पोरी."

मंजुषानं स्वतःची ओढणी काढून त्यांच्या खांद्यावर टाकली. दगडी वाट बुडायच्या आत सगळ्यांना किनाऱ्यावर आणलं. बंदरावर एका टपरीत चहा पाजला, पाय कोरडे केले, एखादी पोटची पोर करील तसं. समोर सूर्य बुडत होता. महालाच्या खिडक्या एकेक करून तांबूस झाल्या, आणि इतकं होऊनही सुलाबाईंना तो बघून वाटलं, एवढं देखणं आपण जन्मात काही पाहिलं नाही.

"तुझ्यासंगं दुसरं कुणी बोलतं का गं त्यात?" त्यांनी डबीकडं बोट दाखवून विचारलं. "वऱ्हाडातली बाई?"

मंजुषानं हातातला कप खाली ठेवला.

"मी एकटीच बोलते, मावशी." मग ती म्हणाली, "दोन वर्षांमागं एक बाई आल्या होत्या अकोल्याच्या. फार हौशी. सगळं विचारायच्या. माझ्या सहलीत नव्हत्या... दुसऱ्यांच्या. भरतीच्या वेळी बाकीचे परत आले, त्या आल्या नाहीत."  आणि सुलाबाईंचा फोन नंबर तिनं मागून घेतला.

सुलाबाई पोखर्णीला परत आल्या. कान बहिरा तो बहिराच. शेजारणी जमल्या की त्या समुद्राचं सांगायच्या, छतावरच्या माशांचं, मंजुषाच्या बोलण्याचं. पायऱ्यांचं मात्र अगदी जवळच्यांनाच सांगायच्या. पावसाळा बरा गेला. सोयाबीन निघालं.

दसऱ्याच्या आधी एका दुपारी त्या अंगणात शेंगा झोडपत बसल्या होत्या. ऊन लख्ख होतं. फोन वाजला. मंजुषा होती.

"मावशी, तुम्ही बऱ्या आहात ना?" तिचा आवाज एकदम खालचा होता. मागं समुद्र ऐकू येत होता.

"बरी हाय की. का गं?"

"घरीच आहात? पोखर्णीला?"

"हितंच हाय. अंगणात."



"मी महालात आहे. आजच पुन्हा सुरू केलं, पावसाळ्यानंतर. गटातल्या एक बाई म्हणाल्या, ही दुसरी कोण फार छान सांगते... मी त्यांचं काढून माझ्या कानाला लावलं." मग घाईनं म्हणाली, "मी ते फोनजवळ धरते. ऐका तुम्ही. आणि मला सांगा, मी चुकतेय म्हणून..."

सुलाबाईंनी फोन उजव्या कानाशी दाबला. आधी नुसती खरखर आली. मग पाणी घुमल्याचा आवाज. मग एक बाई बोलू लागली, शांत, कौतुकानं ओथंबलेली, गावातल्या देवळाचं सांगावं तशा ओढीनं. तो आवाज आता त्यांना ओळखू आला, तो त्यांचाच होता.

"...खाली या की बाई. वर काय ठेवलंय? म्या पण आधी वरूनच बघत होते. खाली लय दालनं हायत, एकातून दुसरं, दुसऱ्यातून तिसरं. भिंतीला हात लावला की उजेड पडतो. झोपाळा हाय, त्यावर बसलेल्या बाया हायत. लय चांगल्या बाया हायत. म्या समदी दालनं बघितली. शेवटचं तेवढं राहिलंय, त्याचं दार आतून लावलेलं हाय..."

आणि मग तो आवाज जरा थांबला, कुणीतरी कान देऊन ऐकतंय हे कळल्यासारखा.

"अर्पिताला घेऊन या," तो म्हणाला. "तिला दावायचं राहिलंय."