मधली शांतता

मुंबईत उमेदीची सगळी वर्षं वाहिन्यांच्या कार्यक्रमांचं संकलन करून गार्गी बुलढाण्याला परतली, तेव्हा हाताला एक खोड कायमची जडली होती. माणूस बोलता बोलता थांबला, की ती मधली शांतता कापून टाकायची.

मलकापूरच्या एका कापसाच्या जिनिंग कारखान्यातल्या आगीवरचा माहितीपट संकलनासाठी तिच्याकडे आला. आगीनंतर कलीम नावाचा मजूर कोणालाच दिसला नव्हता. प्रेतही मिळालं नाही. तो त्या दिवशी कामावर आलाच नव्हता, असं मालक सांगत होता. तो आत होता म्हणणारी एकटी त्याची बायको, मुबीना.

मुबीना फार थांबून थांबून बोलायची. गार्गीनं तिच्या बोलण्यातली शांतता काढली आणि सवयीनं ते शांततेचे तुकडे एकापुढे एक जोडून ठेवले. पुढे आवाजाचे सांधे झाकायला ते उपयोगी पडतात. दुपारी तिनं ते सहज सलग लावून पाहिले.

पहिल्या तुकड्यात मुबीना दाराकडे बघत होती. पुढच्यात खाटेकडे. मग अगदी कॅमेऱ्याच्या बाजूला. कोणीतरी चालत यावं तशी तिची नजर सरकत होती. मधूनच ती मान हलवायची, ऐकल्यासारखी.

गार्गीनं कॅमेरामन देवेशला फोन लावला. खोलीत मी आणि मुबीना, दोघंच होतो, दारही लावलेलं होतं, असं तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी ती बसनं घाट उतरून मलकापूरला गेली. सिनेमा अजून कोणालाच दाखवलेला नव्हता. मुबीनानं पाणी दिलं, समोर बसली आणि गार्गीनं काही विचारायच्या आतच म्हणाली,

“ताई, तुमी त्याइचं बोलनं काऊन तोडलं?”

गार्गीनं पाण्याचा पेला खाली ठेवला. “कोणाचं?”

“मी इचारत होती, ते सांगत होते. कुठं अडकले, बाहीरून कडी कोनं लावली. समदं सांगितलं त्याइनं. तुमी निसतं माह्यं ठेवलं.”

घरी येऊन गार्गीनं सगळे तुकडे जागच्या जागी बसवले. खिडकीतून लख्ख ऊन येत होतं. तिनं मुलाखत सुरू केली.

पहिल्या शांततेत काही नव्हतं.

दुसरीतही नाही.

शेवटच्या शांततेत मुबीनानं थेट कॅमेऱ्यात पाहिलं. मग नजर किंचित वर नेली, गार्गीच्या खांद्यावरून मागे.

कोणीतरी खोकलं. कोरडं, धूर छातीत गेल्यासारखं.

गार्गीनं मागे पाहिलं नाही. रेकॉर्डिंगमधला आवाज पडद्यावर जिथे उठतो, त्या रेघेकडे पाहिलं.

रेघ सपाट होती.