मेलेल्या नाकाची साक्ष

शेजारणीने स्वयंपाकघराचं ओढून घेतलेलं दार ढकललं आणि नाकावर हात दाबून ती मागे सरली. आत गॅस कोंडला होता. शेगडीवर उतू गेलेलं दूध, खाली विझलेली ज्योत. जमिनीवरच्या गादीवर म्हातारी निपचित पडली होती. मुठीत वाटी. अर्धांगाने वाचा गेल्यापासून काही हवं असलं की ती वाटी फरशीवर आपटायची.

"अरे मेल्या, ऊठ! आई गेली तुझी!"

बाहेरच्या खोलीत, कडाक्याच्या थंडीत, सताड उघड्या खिडकीखाली मुलगा पलंगावर पडला होता. तो धडपडत उठला.

"मावशी, मला कसलाच वास..." पुढे शब्द फुटेना. त्याने हंबरडा फोडला.

तो अत्तराच्या कारखान्यात सुगंध जुळवायचा. ट्रकच्या धडकेत डोकं आपटलं. जखम भरली, पण वास कायमचा गेला, असं त्याचं म्हणणं. विमा कंपनीच्या म्हाताऱ्या डॉक्टरांनी त्याची भरपाई अडवून धरली होती. मेंदूच्या फोटोत त्यांना काहीच सापडलं नव्हतं.

आईचे दिवस उरकल्यावर मुलगा डॉक्टरांसमोर येऊन बसला. साक्षीला शेजारीण होती. कंपनीच्या वकीलबाई उभ्याच होत्या.

"आणखी कसला पुरावा हवाय, डॉक्टर? घरात गॅस भरला आणि याला पत्ता नाही. तुम्ही मात्र शंका काढत बसलात. कंपनीची छी-थू होतेय. करा सही," वकीलबाई म्हणाल्या.

डॉक्टर ओशाळले. आयुष्यभर ते नाक मुठीत धरून वागत आले होते. स्वतःच्या निदानावर त्यांचा कधीच पुरता भरवसा नसे. आपलं चुकलं असेल, तर या पोराच्या जखमेवर आपणच मीठ चोळलं, हे त्यांना रात्रंदिवस खात होतं.

"एवढी तपासणी होऊ द्या," ते पुटपुटले. "मग करतो."

त्यांनी पहिली बाटली त्याच्या नाकाशी धरली. कॉफी.

"काही कळतंय?"

"नाही, साहेब."

लवंग. "नाही." साबण. "नाही."

त्यांनी चौथी बाटली पुढे केली. "आता जोरात श्वास ओढा. जाणवलं काही?"

मुलाने श्वास ओढला. डोळ्यांना धार लागली.

"काहीच नाही, साहेब."

"मग डोळ्यांत पाणी?"

"आईची आठवण आली."

वकीलबाईंनी मान फिरवली. "बास करा हो! माणूस आहे तो."

डॉक्टरांनी बाटलीचं बूच लावलं. पेन उचललं, पुन्हा ठेवलं. समोरचा पंचनामा चाळला आणि मग शेजारणीकडे वळले.

"वाटी वाजत होती त्या दुपारी?"

"वाजत होती ना! किती वेळ! मला वाटलं, पाणी मागतेय. पोरगा आहे घरात, देईल."

"खिडकी कुणी उघडली होती?"

"यानेच असणार. मी गेले तेव्हा उघडीच होती. कुडकुडले मी."

डॉक्टर खाली बघतच बोलू लागले. "या बाटलीत अमोनिया होता. तो कळायला वासाची नस लागत नाही. मिरचीसारखा झोंबतो. नाक खरंच मेलेला माणूस डोकं मागे घेतो आणि म्हणतो, वास नाही आला, पण झोंबलं. सोंग घेणाऱ्याला हे ठाऊक नसतं. तो सगळ्यालाच नाही म्हणतो."

मुलाने घाईघाईने डोळे पुसले.

"ते पाणी आईसाठी नव्हतं, बाबा. तुझं नाक जिवंत आहे. दूध उतू गेलं, ज्योत विझली, तुला सगळं कळलं. तू दार ओढून घेतलंस. आणि गॅस आपल्याला बाधू नये म्हणून थंडीत खिडकी उघडलीस. मी पुरावा मागत होतो. तू आईचाच पुरावा केलास."

"काय बोलताय! मला झोप लागली होती!"

"भिंतीपलीकडे मावशींना वाटी ऐकू येत होती. तुझ्या आणि तिच्यात एक दार होतं."

मुलाचा चेहरा आक्रसला. "ती तशीही किती जगणार होती? ना बोलता येत होतं, ना उठता. मी दार ओढलं तेव्हा बघत होती माझ्याकडे. तिला कळलं होतं."

शेजारणीने तोंडावर हात दाबला.

"आणि वाटी?" डॉक्टरांनी विचारलं.

"मग काय करणार? थांबतच नव्हती. शेवटी कानात कापूस घातला."

वकीलबाईंनी पोलिसांना फोन लावला. डॉक्टरांनी कागदावर दोन शब्द लिहिले, नाक शाबूत, आणि खाली सही केली. या वेळी त्यांनी पेन मध्येच खाली ठेवलं नाही.