नात्याचा रकाना

हात कधी सुटला, तिला कळलंच नाही! पडद्याचं कापड चाचपायला ती क्षणभर थांबली, आणि वळून पाहते तो चार वर्षांची चिमणी जागेवर नाही! त्या तीन मजली दुकानात गाद्या, कपाटं आणि माणसंच माणसं...

थोरल्या जावेने चिमणीला आज पहिल्यांदाच तिच्या हवाली केलं होतं. थोरलीची कूस उजवेना, तेव्हा या वेड्या धाकटीने आपलं दहा दिवसांचं लेकरू आपणहून तिच्या पदरात घातलं. अट एकच होती, आई म्हणून कधी पुढे यायचं नाही. तरी थोरलीच्या मनातली धास्ती गेली नाही. काकू-पुतणीला ती कधी एकटं बाहेर सोडत नसे.

धाकटी पलंगांखाली वाकली, सरकत्या जिन्याकडे धावली, हाका मारून मारून तिचा घसा बसला. थोरली म्हणेल, दिलेलं हिने परत काढून घेतलं! विसेक मिनिटांनी स्पीकरवर सांगितलं गेलं, लाल फ्रॉकमधली मुलगी चौकशीच्या खिडकीपाशी आहे.

काचेपलीकडे चिमणी हमसून हमसून रडत होती. खिडकीतल्या बाईंनी फॉर्म पुढे केला आणि मूल फक्त आईवडिलांच्याच ताब्यात देतो असं बजावलं. तोंडावळा तर अगदी तुमचाच, आईच ना तुम्ही, असंही विचारलं. एक 'हो' म्हटलं की लेकरू कुशीत! धाकटीने नात्याच्या रकान्यात 'काकू' लिहिलं आणि थोरलीला फोन लावला. मग अर्धा तास ती काचेला तळवा टेकून उभी राहिली.

थोरली आली ती तणतणतच. "एक दिवस दिली, तर हरवून बसलीस?"

खिडकीतल्या बाईंनाच राहवेना. आई आहे एवढं म्हणाल्या असत्या तर केव्हाच दिली असती, पण या काही म्हणायला तयार नाहीत, असं त्यांनी सांगून टाकलं.

थोरली त्या फॉर्मकडे बघतच राहिली. तिचे डोळे भरून आले.

"दोन आयांच्या सह्या चालतील का?"

"ओळ एकच आहे, ताई."

थोरलीने सही केली आणि पेन धाकटीच्या हातात दिलं. "इथेच कर, माझ्या शेजारी. होऊ दे जरा दाटीवाटी."

दार उघडलं. चिमणी धावत आली, आणि आधी कुणाला बिलगावं ते न कळून मधेच थांबली.

"तिच्याकडे जा आधी," थोरली म्हणाली. "केव्हाची उभी आहे ती."