डावा कोपरा

रविवारी दुपारची जेवणं आटोपली आणि रंजिता नवऱ्याची चाकांची खुर्ची ढकलत रोडपालीच्या समाजमंदिरात आली. संध्याकाळी पनवेलला प्रणितचा प्रयोग होता. त्याआधी एक तालीम, एवढंच काम.

प्रणित एकेकाळचा कबड्डीतला नावाजलेला चढाईपटू. एका सामन्यात डाव्या कोपऱ्यातल्या काशिरामनं त्याचा घोटा धरला, वरून अख्खा संघ कोसळला आणि प्रणितचे पाय कमरेपासून गेले. काशिरामनं ते मनाला लावून घेतलं. पुढे आपटा गावाजवळ, पाताळगंगा नदीच्या पुलाखालच्या गाळात त्याचं प्रेत सापडलं.

भिंतीकडे तोंड करून पडून राहणारा प्रणित उठला तो या प्रयोगामुळे. जमिनीवर पालथं पडून, हातांनी अंग ओढत, एका दमात केलेली एकट्याची चढाई. लोक रडत. रंजिता मात्र त्याचा श्वास ऐकत बसे. दम ताणलात तर छाती सोसणार नाही, असं डॉक्टरांनी बजावलं होतं.

तिनं फरशीवर चुन्याच्या रेषा आखल्या. प्रणितनं पिशवीतून काशिरामची जर्सी काढली. त्याच्या आईकडून मागून आणली होती. ती डाव्या कोपऱ्यात ठेव म्हणाला.

"त्याला कशाला बोलावतोस?"

"रिकाम्या अंगणात चढाई करत नाय, रंजे. समोर कोन तरी पायजे." तो हसला. "आनि चढाई चालू असताना तू मधी शिरू नको."

दम सुरू झाला. कबड्डी, कबड्डी... एकसुरी, खोल. तो सरपटत कोपऱ्यापर्यंत गेला, जर्सीला शिवला, वळला. बंद खिडक्यांच्या त्या खोलीत कुठून तरी गाळाचा ओला वास आला.

अर्ध्या वाटेवर तो थांबला. हात चालत होते, नखं फरशीवर खरवडत होती, अंग पुढे सरकत नव्हतं. विजार खिळ्यात अडकली असेल, असं रंजिताला वाटलं. मग तिला त्याचा डावा पाय दिसला. एरवी ओल्या फडक्यासारखा मागे येणारा तो पाय ताठ ताणला होता, आणि पाऊल जमिनीपासून वर उचललेलं होतं.

दम बारीक होत गेला. कबड्डी... कबड्...

तिनं रेषा ओलांडली, त्याचं मनगट धरलं आणि जीव खाऊन ओढलं. त्याची बोटं मध्यरेषेला टेकली. मागे पाय धपकन पडला.

"बास झालं... संध्याकाळचं रद्द," ती कशीबशी म्हणाली.

बराच वेळ तो नुसता धापा टाकत होता. मग त्यानं मान वळवली. डोळ्यांत पाणी होतं, पण चेहरा हसरा.

"दुखला, रंजे... घोटा दुखला मना."

इतक्या वर्षांत तिथं सुई टोचलेलीही त्याला कळली नव्हती.

"त्यानं धरला तवा कळला. संध्याकाळी दम वाढवतो... धरू दे त्याला."

तो डोळे मिटून पडून राहिला. नको म्हणायला रंजितानं तोंड उघडलं आणि तिची नजर त्याच्या पायाकडे गेली. अंगठा सावकाश वाकत होता, सरळ होत होता. आणि कुणी चिमटीत धरावा तशी त्याची कातडी दोन्ही बाजूंनी दबलेली होती.